अटीवर दिलेली साक्ष

मुख्य खेळ सुरू होण्यापूर्वी फिल्म्स डिव्हिजनचा अनुबोधपट निमूटपणे पाहण्याची सवय ज्या पिढीला होती, तिला त्या पटांतील एक विशिष्ट व्यवस्था अद्याप आठवत असेल. १९४८ साली मुंबईत स्थापन झालेल्या या सरकारी संस्थेचे लघुपट दाखवणे ही चित्रगृहाच्या परवान्यातलीच अट असल्यामुळे प्रेक्षकाची त्यांतून सुटका नसे. आणि त्या लघुपटांत धरणाच्या बांधावर घमेले वाहणारी मजूर स्त्री असो, हातमागावर बसलेली विणकरीण असो की डोंगरातली एखादी आदिवासी मुलगी असो, तिचा चेहरा क्षणभर सारा पडदा व्यापून राही, परंतु तिच्याविषयी जे काही सांगावयाचे ते पडद्याआडून कोणी एक घनगंभीर पुरुषी आवाज सांगत असे. ती स्वतः काय म्हणत होती हे ऐकण्याची सोय त्या व्यवस्थेत बहुधा नसे. लोकशिक्षणाच्या या शुचिर्भूत उद्योगाशी फॅशनच्या बाजाराची तुलना कित्येकांना रुचणार नाही. तथापि बारकाईने पाहिले तर दोहोंतला करार एकाच मसुद्याचा आहे. मॉडेलचा चेहरा रस्त्यावरच्या फलकावर, मासिकाच्या मुखपृष्ठावर, साबणाच्या वेष्टनावर लागतो आणि त्या चेहऱ्याचा अर्थ विक्रेता ठरवतो. बोलणे हा तिच्या कामाचा भाग नव्हे; किंबहुना ती बोलत नाही म्हणूनच पाहणारा आपल्या मनातले काय वाटेल ते तिच्या ठायी कल्पू शकतो, आणि या मौनाचेच तिला वेतन मिळते.

हे वेतन कसे कमावले जाते ते फ्रेडरिक वाइझमनने १९८० साली आपल्या ‘मॉडेल’ या माहितीपटात दाखवून ठेवले आहे. न्यूयॉर्कमधील झोली या एजन्सीत त्याने कॅमेरा नेऊन ठेवला, आणि आपल्या नेहमीच्या व्रताप्रमाणे निवेदनाचा एक शब्दही न घालता तिथला व्यवहार तसाच्या तसा टिपला. स्त्रियांच्या पायमोज्यांच्या एका जाहिरातीसाठी तीच हालचाल, तेच पाऊल, तीच मान वळवणे पुनःपुन्हा करून घेतले जाते, आणि दहावीस पुरुष त्या पावलाविषयी आपसांत गंभीरपणे खल करतात. गोदीतल्या हमालाचे काम पाहून जो शीण पाहणाऱ्याला जाणवतो, तसाच तो इथेही जाणवतो. परंतु त्या चित्रपटातही मॉडेल ही पाहण्याचीच वस्तू राहते. फरक एवढाच, की या खेपेला पाहणारा प्रामाणिक आहे.

तेव्हा मॉडेल ज्या दिवशी माहितीपटात वा दूरचित्रवाणीवर बोलू लागते, त्या दिवशी काही विलक्षण घडले अशी आपली समजूत होणे स्वाभाविक आहे. ‘तिला आवाज सापडला’ म्हणून वृत्तपत्रे जो गजर करतात, तो मात्र मला उतावळा वाटत आला आहे. दूरचित्रवाणीला बोलणारी माणसे अहोरात्र लागतात. ओळखीच्या चेहऱ्याला तिथे बोलते करणे हे धाडस नसून काटकसर आहे, कारण त्याची ओळख आधीच कोणीतरी पैसे खर्चून करून ठेवलेली असते. उलट, वय उतरू लागलेल्या रूपजीविनीची ही निवृत्तिवेतनाची तजवीज आहे, अशी जी कुत्सित टीका ऐकू येते, तिच्यातही पुष्कळ तथ्य असले तरी ती फारशी उपयोगी नाही. मद्रासेत जन्मलेल्या पद्मा लक्ष्मी या मॉडेलने पाककलेच्या स्पर्धेचे सूत्रसंचालन सतरा वर्षे केले म्हणून त्यात निंदण्यासारखे काय आहे, आणि पुढे अमेरिकेतील स्थलांतरितांच्या स्वयंपाकघरांतून तिने जी मालिका काढली, ती त्या ओळखीशिवाय निघाली असती काय? माझ्या मते विचारण्याजोगा प्रश्न निराळा आहे. तोंड उघडण्यापूर्वी या बाईने कोणती अट घातली, आणि ती अट कोणाच्या हिताची होती?

वारिस दिरी हिचे उदाहरण या दृष्टीने फार बोलके आहे. सोमालियातील भटक्या गुराख्यांच्या कुटुंबात तिचा जन्म झाला; वयाच्या सुमारे पाचव्या वर्षी, तिथल्या रूढीप्रमाणे, तिच्या जननेंद्रियाचे छेदन करण्यात आले; आणि तेराव्या वर्षाच्या आसपास बापाने पाच उंटांच्या मोबदल्यात एका वृद्धाशी तिचे लग्न ठरवले, तेव्हा ती एकटी वाळवंटातून पळाली. मोगादिशूतल्या नातलगांकडून ती लंडनला पोहोचली ती तिथल्या सोमाली राजदूताच्या, म्हणजे आपल्याच काकाच्या, घरी मोलकरीण म्हणून. राजदूताची मुदत संपून कुटुंब परतले तरी ती मागे राहिली, मॅकडोनाल्डच्या उपाहारगृहात फरशी पुसू लागली, आणि तिथून टेरेन्स डोनोव्हन या छायाचित्रकाराच्या १९८७ सालच्या पिरेली दिनदर्शिकेत झळकली. त्याच दिनदर्शिकेत सोळा वर्षांची नेओमी कॅम्पबेलही होती. पुढली दहा वर्षे तिने लंडन, पॅरिस, मिलान, न्यूयॉर्क येथे जे केले ते शेकडो मॉडेल करतात तेच, आणि त्याविषयी अधिक लिहिण्याजोगे काही नाही.

१९९५ च्या सुमारास बीबीसीने तिच्या जीवनावर एक माहितीपट काढण्याचा बेत केला. वाळवंटातल्या तंबूपासून न्यूयॉर्कपर्यंतचा प्रवास हा दूरचित्रवाणीच्या दृष्टीने आयता विषय. शिवाय चेहरा असा, की प्रकाशयोजनेचीही फारशी चिंता नको. इतर कोणी असती तर मानधनाची रक्कम विचारून होकार देती. हिने आपल्या आठवणींत लिहून ठेवल्याप्रमाणे अट घातली ती अशी, की तुम्ही माझ्या आईला शोधून देणार असाल तरच मी तुमच्याबरोबर येईन. पंधरा वर्षांत तिची आणि आईची भेट नव्हती. आई भटकी, तिला पत्ता नाही. सोमालियात यादवी माजलेली, आणि तिथे टपाल तर सोडाच, सरकारच उरलेले नव्हते. मग इथिओपियाच्या सरहद्दीवरील निर्वासितांच्या वस्त्यांतून शोध सुरू झाला. लंडनहून कोणी श्रीमंत मुलगी आईला शोधत आहे ही बातमी पसरताच आपणच ती आई असे सांगणाऱ्या बायका पुढे येऊ लागल्या, आणि खरेखोटे ठरवण्यासाठी दिरीला आपले लहानपणीचे घरगुती टोपणनाव सांगावे लागले, जे खऱ्या आईखेरीज कोणाला ठाऊक असण्याचे कारण नव्हते. अखेर गलादी या सीमेवरच्या लहानशा ठिकाणी भेट झाली, आणि मुलीने आपल्याबरोबर चलण्याचा आग्रह केला तो आईने मानला नाही.

मला या प्रसंगात जे महत्त्वाचे वाटते ते मायलेकींच्या भेटीतले कारुण्य नव्हे. कारुण्याची निर्मिती करण्यात दूरचित्रवाणी तरबेजच असते. महत्त्वाचे हे, की एका बलाढ्य संस्थेची यंत्रणा, तिची विमाने, तिचे दुभाषे आणि तिचे हस्तक हे सर्व काही काळ एका मॉडेलच्या खासगी कामाला जुंपले गेले. इतकी वर्षे तिचा चेहरा इतरांच्या कामी लागला होता. या खेपेला त्या चेहऱ्याचा मोबदला तिने पैशात घेतला नाही, सेवेत घेतला. पेशवाईतला एखादा मुरब्बी वकील तहाच्या कलमांत जसे आपले एक लहानसे कलम हळूच घालून ठेवी, आणि तेच कलम पुढे सर्वांत भारी ठरे, तसे हे झाले.

परंतु त्या माहितीपटानेही तिची खरी कैफियत जगापुढे मांडली नाही. ती आली १९९७ साली, ‘मारी क्लेअर’ या मासिकाच्या मुलाखतीत, आणि तिथेही तिने प्रथम अटच घातली: मॉडेलची कथा तुम्ही असंख्य वेळा छापली आहे, ती पुन्हा छापण्यात अर्थ नाही, मी सांगेन ते छापण्याचे वचन देत असाल तर खरी गोष्ट सांगते. मग तिने छेदनाची हकिकत सांगितली. मुलाखत दिल्यानंतर, आपल्या देहाचे सर्वांत गुप्त रहस्य आता परक्या माणसांच्या हाती पडले या जाणिवेने ती हबकून गेली होती, हेही तिने लपवलेले नाही. त्यानंतर बार्बरा वॉल्टर्सने अमेरिकन दूरचित्रवाणीवर घेतलेली मुलाखत, संयुक्त राष्ट्रांनी त्याच वर्षी विशेष दूत म्हणून केलेली नेमणूक, १९९८ चे ‘डेझर्ट फ्लॉवर’ हे आत्मचरित्र, हे सर्व ओघाने झाले. युनिसेफच्या २०२४ च्या गणनेनुसार जगात तेवीस कोटींहून अधिक मुली आणि स्त्रिया या छेदनातून गेलेल्या आहेत. त्यांपैकी एकीचा चेहरा जगाला आधीपासून परिचित होता, या योगायोगाचे मोल कमी लेखता येत नाही.

हे मोल काय आहे ते जाणण्यासाठी आफ्रिकेकडे पाहण्याची गरज नाही. मुंबईतील दाऊदी बोहरा समाजात ‘खतना’ या नावाने ही प्रथा चालत आली आहे. तिच्यावर प्रिया गोस्वामी यांनी २०१२ साली ‘अ पिंच ऑफ स्किन’ हा माहितीपट काढला, तेव्हा आपली जबानी देणाऱ्या स्त्रियांची ओळख झाकून ठेवावी लागली. ज्या स्त्रीला उद्या त्याच मोहल्ल्यात राहायचे आहे, त्याच जमातखान्यात जायचे आहे, तिच्याकडून चेहरा दाखवण्याची अपेक्षा करणे निर्दयपणाचे होईल. यासंबंधीची याचिका सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली मोठ्या पीठाकडे सोपवली. साक्षीदाराचा चेहरा दिसणे न्यायाला आवश्यक नसेलही, पण लोकमताला तो लागतो, ही लोकमताची दुर्बलता आहे; आणि चेहरा विकूनच जिने पोट भरले, तिला तो लपवण्याची चैन परवडत नसल्यामुळे, अशा साक्षीचे काम नेमके तिच्याच वाट्याला येते. मॉडेलच्या व्यवसायाने तिच्याकडून जे हिरावून घेतले, म्हणजे अनोळखी राहण्याचा हक्क, त्याच्याच बळावर ती इथे इतरांहून मोकळी ठरते.

अट घालणे एवढ्यानेच सर्व साधते असे मात्र समजू नये. २०२३ साली नेओमी कॅम्पबेल, सिंडी क्रॉफर्ड, लिंडा इव्हॅन्जेलिस्टा आणि क्रिस्टी टर्लिंग्टन या चौघींवर ‘द सुपर मॉडेल्स’ ही चार भागांची माहितीमालिका निघाली, आणि या चौघी स्वतःच तिच्या कार्यकारी निर्मात्या होत्या. म्हणजे चेहरा त्यांचा, आणि चेहऱ्याचा अर्थ लावण्याचा अधिकारही त्यांचाच. याहून अधिक अनुकूल करार मॉडेलला कधी मिळाला असेल असे वाटत नाही. निष्पत्ती काय? रॅम्पवरची गौरवगाथा, जुन्या छायाचित्रांची नेत्रसुखद आरास, आणि अधूनमधून एखादा कठीण प्रसंग, तोही बहुतांशी सुस्थितीत येऊन पोहोचलेल्या माणसाने मागे वळून पाहावा तसा. सौंदर्यप्रक्रियेमुळे आपला देह विद्रूप झाला असे सांगणाऱ्या इव्हॅन्जेलिस्टाच्या काही क्षणांपुरती ती मालिका खरोखर माहितीपट होते. एरवी ती दीर्घ जाहिरातच आहे, आणि जाहिरातदार स्वतः उत्पादनच असल्यामुळे तिच्यात दोष शोधणेही अवघड. अटी सर्व पाळल्या गेल्या. परंतु त्या स्वतःपुरत्या होत्या.

त्याच टर्लिंग्टनने त्याच्या तेरा वर्षे आधी केलेले काम मला अधिक आदरणीय वाटते. २००३ साली पहिल्या बाळंतपणात तिला तीव्र रक्तस्राव झाला. न्यूयॉर्कमध्ये असल्यामुळे ती वाचली. नंतर एल साल्व्हादोर या आपल्या आईच्या देशात गेली असता, हाच प्रसंग तिथल्या खेड्यात ओढवता तर आपले काय झाले असते, हा हिशेब तिच्या ध्यानी आला, आणि २०१० साली तिने ‘नो वूमन, नो क्राय’ हा माहितीपट दिग्दर्शित केला. टांझानिया, बांगलादेश, ग्वातेमाला आणि अमेरिका अशा चार देशांतील गरोदर स्त्रियांची स्थिती त्यात आहे. त्या काळी प्रसूतीच्या कारणाने मरणाऱ्या स्त्रियांची जागतिक संख्या वर्षाला पाच लाखांच्या आगेमागे मानली जात होती. आपली गोष्ट सांगून झाल्यावर ती मागे सरते, हे तिचे मोठे औचित्य. तरीही हा चित्रपट पाहताना एक विचार सुटत नाही: ज्या व्यवसायाविषयी तिला या चारही देशांतल्या स्त्रियांपेक्षा अधिक ज्ञान होते, त्याविषयी ती तिथे काहीच बोलत नाही. परोपकाराकडे वळलेल्या पुष्कळ प्रसिद्ध स्त्रियांचे असेच होते. त्यांची करुणा दूरदेशी जाते, आणि घरची खातेवही बंदच राहते.

ती वही उघडली सारा झिफ हिने. चौदाव्या वर्षी न्यूयॉर्कच्या रस्त्यात हेरली गेलेली, पुढे बरी कमाई करणारी ही मुलगी, आपल्या तत्कालीन जोडीदाराच्या, ओल शेल याच्या, साह्याने वेशभूषागारांतून, विमानतळांवरून, उशिरा रात्रीच्या खोल्यांतून काही वर्षे चित्रण करीत राहिली. इतर मुलींच्या हातीही तिने कॅमेरे दिले. २००९ साली यातून ‘पिक्चर मी’ हा चित्रपट तयार झाला. त्यातले चित्रण हलते, अंधारे आणि ओबडधोबड आहे. परंतु झगमगाटाच्या पाठीमागचा जमाखर्च प्रथमच त्यात एका आतल्या माणसाने वाचून दाखवला. परदेशातून आणलेल्या मुलीचे विमानभाडे, सामायिक खोलीचे भाडे, तिच्या चित्रसंग्रहाचा खर्च, हे सर्व एजन्सी प्रथम स्वतः भरते आणि मुलीच्या नावे टाकते. काम मिळाले की दलाली मुलीकडून कापली जाते आणि ग्राहकाकडूनही घेतली जाते. आणि हंगाम संपता संपता कित्येक मुलींच्या खात्यात जमेऐवजी देणेच बाकी निघते. आपल्याकडील ऊसतोड कामगाराला उचल देणाऱ्या मुकादमाची वही ज्याने पाहिली आहे, त्याला ही रीत निराळी समजावून सांगावी लागणार नाही. छायाचित्रकारांच्या अतिप्रसंगांविषयीही मुली या चित्रपटात बोलतात. त्यात विशेष असे, की त्या अश्रू ढाळण्यासाठी बोलत नाहीत. तक्रार नोंदवावी तशा बोलतात.

आणि तक्रार नोंदवून झिफ थांबली नाही. २०१२ साली तिने ‘मॉडेल अलायन्स’ ही संघटना स्थापिली. २०१३ साली न्यूयॉर्क राज्याने अठरा वर्षांखालील मॉडेलना बालकलाकारांना मिळणारे कायदेशीर संरक्षण लागू केले. आणि २०२४ च्या डिसेंबरात ‘फॅशन वर्कर्स अ‍ॅक्ट’ या कायद्यावर राज्यपालांची सही झाली. त्यातील कलमे वाचण्यासारखी आहेत. एजन्सीने वीस टक्क्यांहून अधिक दलाली घेऊ नये. मुलीच्या हिताला बाधा येईल असे वर्तन एजन्सीने करू नये, तिच्याशी विश्वस्ताच्या नात्याने वागावे. कुलमुखत्यारपत्र लिहून दिल्याखेरीज काम नाही, असे सांगता येणार नाही. तोवर हेच मुखत्यारपत्र हाती धरून एजन्सी तिच्या नावचा पैसा वसूल करीत, आणि तिच्या प्रतिमेचा विनियोगही परस्पर मंजूर करीत. संगणकाने तिची प्रतिकृती निर्माण करायची असेल, तर तिची स्वतंत्र लेखी संमती हवी. वारिस दिरीने बीबीसीला जी अट घातली ती घालण्याचे सामर्थ्य तिला दिनदर्शिकेने आणि नशिबाने दिले होते. जिच्यापाशी यांपैकी काहीच नाही, तिच्या वतीने अट घालण्याचे काम कायद्यालाच करावे लागते, आणि त्या कायद्याचे मूळ, काही अंशी का होईना, एका हलत्या कॅमेऱ्याच्या माहितीपटात आहे.

यावरून एवढाच निष्कर्ष काढावा, की मॉडेलच्या हाती कॅमेरा द्या म्हणजे सर्व ठीक होईल, तर तोही टिकणार नाही. २०११ सालच्या ‘गर्ल मॉडेल’ या माहितीपटात सायबेरियातील तेरा वर्षांची एक मुलगी निवडून टोकियोला पाठवली जाते. तिथे काम जवळजवळ मिळत नाही, आणि कमाईच्या आशेने गेलेली मुलगी कर्ज घेऊन घरी परतते. करारनाम्याची कलमे अशी, की कंबर वा नितंब एका सेंटिमीटरने वाढला तरी करार मोडता यावा. या मुलीची निवड करणारी अमेरिकन शोधकर्ती ही स्वतः पूर्वाश्रमीची मॉडेल. हा चित्रपट काढावा ही सूचना दिग्दर्शकांना तिनेच केलेली; आणि तरुणपणी, मॉडेल म्हणून परदेशात काम करीत असताना, तिने स्वतःचीही चित्रमय रोजनिशी ठेवली होती, जिच्यात ती एकटेपणाविषयी, घृणेविषयी, फसवणुकीविषयी झिफच्या मैत्रिणींइतकेच स्पष्ट बोलते. दोन्ही रोजनिश्यांच्या दरम्यान फारशी वर्षे गेलेली नाहीत, आणि ज्ञानाच्या बाबतीत दोघींत डावेउजवे करता येणार नाही. परंतु या बाईने आपल्या ज्ञानाच्या मोबदल्यात कोणाकडे काही मागितले नाही. मागितली ती फक्त नोकरी, आणि ती तिला मिळाली. चित्रपटभर ती कधी व्यवसायाला दूषण देते, कधी त्याची वकिली करते, आणि पुढल्या गावातल्या निवडफेरीसाठी आगगाडीत बसते.